फ्रेडीच्या पेटीत काय होतं?

‘फाइव्ह नाइट्स ॲट फ्रेडीज’ या हॉरर गेममालिकेचा चौथा भाग जुलै २०१५मध्ये आला. त्यातल्या सगळ्यांत अवघड रात्री निभावून नेल्या की पडद्यावर एक लोखंडी पेटी येते. पेटीला कुलपं आहेत, किल्ली कुठेच नाही. सोबत एक ओळ येते, तिचा आशय असा, की काही गोष्टी विसरलेल्याच बऱ्या, निदान तूर्तास. गेम तिथे संपतो. नंतरच्या एकाही भागात ती पेटी उघडली नाही. तिच्यात काय होतं यावर चाहत्यांमध्ये तेव्हा सुरू झालेला खल अजून थांबलेला नाही.

ज्यांनी हा गेम खेळलेला नाही आणि घरातल्या शाळकरी मुलांच्या तोंडून ‘फ्रेडी’ हे नाव तेवढं ऐकलं आहे, त्यांच्यासाठी आधी थोडी पूर्वपीठिका.

गोष्ट आणि ती सांगायची रीत

या मालिकेचा कर्ता स्कॉट कॉथन हा अमेरिकेतल्या टेक्सासचा. त्याआधी तो ख्रिस्ती धर्मकथांवरचे आणि लहान मुलांसाठीचे गेम एकट्याने बनवायचा. ‘चिपर अँड सन्स लंबर कंपनी’ या त्याच्या गेमवर टीका झाली, की यातली गोड दिसायला हवी होती ती पात्रं जत्रेतल्या यंत्रपुतळ्यांसारखी भेसूर वाटतात. कॉथनने ती टीकाच भांडवल म्हणून वापरली. ऑगस्ट २०१४मध्ये आलेल्या पहिल्या ‘फ्रेडी’त तुम्ही एका पिझ्झा रेस्टॉरंटचे रात्रपाळीचे पहारेकरी असता. दिवसा मुलांसमोर गाणारे अस्वल, ससा, कोंबडी आणि बंद ठेवलेला कोल्हा फॉक्सी हे यांत्रिक पुतळे रात्री मोकळे फिरतात. मध्यरात्रीपासून सकाळी सहापर्यंत कॅमेऱ्यांवर नजर ठेवायची, वेळेवर दारं लावायची आणि वीज पुरवून वापरायची, एवढाच खेळ.

खरी मेख कथानकात आहे. ते कोणी सलग सांगत नाही. आधीच्या पहारेकऱ्याने ठेवलेले फोनवरचे निरोप, कधीतरीच भिंतीवर दिसणारी वर्तमानपत्रांची कात्रणं आणि दुसऱ्या भागापासून मध्येच डोकावणारे जुन्या ‘अटारी’ धाटणीचे ओबडधोबड मिनीगेम, यांतून खेळाडूनेच सगळं जुळवायचं. पाच मुलं बेपत्ता झाली. पुतळ्यांच्या डोळ्यांतून आणि तोंडातून रक्त गळत असल्याच्या तक्रारी आल्या. जांभळ्या रंगात दाखवलेला एक खुनी आहे. त्याचं नाव विल्यम आफ्टन हे नंतर कळलं. मेलेल्या मुलांचे आत्मे पुतळ्यांत शिरले आहेत. इथवर सगळ्यांचं एकमत आहे.

पुरावा किती बारीक असू शकतो याचा एक नमुना. नोव्हेंबर २०१४मध्ये आलेला दुसरा भाग सगळ्यांनी पहिल्याची पुढची गोष्ट म्हणून खेळायला घेतला. शेवटी पहारेकरी जेरेमी फिट्झजेराल्डच्या हाती पगाराचा चेक येतो आणि त्यावर वर्ष असतं १९८७. म्हणजे ही आधीची गोष्ट! एका चेकने कालक्रम उलटा झाला. तेव्हापासून चाहत्यांना सवयच लागली. पडद्यावरचं प्रत्येक चित्र उजळून पाहायचं, आवाज उलटे वाजवायचे, कॉथनच्या संकेतस्थळाच्या कोडमध्ये शिरून दडवलेली वाक्यं शोधायची. यूट्यूबवर २०२४पर्यंत ‘गेम थिअरिस्ट्स’ सादर करणारा मॅथ्यू पॅट्रिक ऊर्फ मॅटपॅट हा या उद्योगाचा सर्वांत प्रसिद्ध मोहरा. २०२३च्या ‘फ्रेडी’ चित्रपटात त्याला वेटरची छोटी भूमिका देऊन त्याचंच ठरलेलं वाक्य त्याच्या तोंडी घालण्यात आलं, इतका तो या गोष्टीचा भाग होऊन बसला आहे.

दोन चावे

पेटीच्या वादाआधी एक जुनं कोडं होतंच. पहिल्या भागातला फोनवरचा माणूस जाता जाता सांगतो, की पूर्वी पुतळ्यांना दिवसाही फिरू द्यायचे, पण ‘८७चा चावा’ झाला आणि ते बंद केलं. मेंदूचा पुढचा भाग गेल्यावरही माणूस जगू शकतो, याचं त्याला नवल वाटतं. कोणी चावलं, कोणाला चावलं, हे तो सांगत नाही.

चौथ्या भागात चावा प्रत्यक्ष दिसला. एक सतत रडणारा लहान मुलगा, कोल्ह्याचा मुखवटा घालून त्याला छळणारा मोठा भाऊ आणि वाढदिवसाची पार्टी. भाऊ आणि त्याचे मित्र गंमत म्हणून त्या मुलाचं डोकं फ्रेडबेअर नावाच्या पुतळ्याच्या तोंडाशी धरतात आणि जबडा मिटतो. मार्कीप्लायर हा यूट्यूबर तो प्रसंग खेळताना, हाच ८७चा चावा का, असं जे ओरडला, ते पुढे वर्षानुवर्षं विनोद म्हणून फिरत राहिलं. त्याच्यासारखंच त्या आठवड्यात बहुतेकांना वाटलं होतं. मग कोणाच्या तरी लक्षात आलं, की त्या मुलाच्या घरातल्या टीव्हीवर ‘फ्रेडबेअर अँड फ्रेंड्स’ हा कार्यक्रम लागतो आणि त्याखाली साल असतं १९८३. आज चावे दोन, हे जवळजवळ सर्वमान्य आहे. १९८३चा आपण पाहिला, १९८७चा कोणीही पाहिलेला नाही.

८७च्या चाव्याचे संशयित बरेच आहेत. सुरुवातीला बोट फॉक्सीकडे होतं, कारण पहिल्या भागात तो ‘बंद आहे’ अशी पाटी लावून पडद्याआड ठेवलेला असतो. दुसऱ्या भागानंतर पारडं मँगलकडे झुकलं. मुलांनी ओढून मोडतोड केलेला हा पुतळा खेळाडूवर झेप घेतो तो थेट कपाळाच्या रोखाने. बळी म्हणून जेरेमीचं नाव पुढे येतं, त्यालाही आधार आहे. सहाव्या रात्री फोनवर त्याला सांगितलं जातं, की उद्या एक वाढदिवस आहे, तू दिवसपाळीला ये आणि पुतळ्यांजवळ थांब. पुढच्या रात्री ड्युटीवर दुसराच माणूस असतो, फ्रिट्झ स्मिथ. परिस्थितिजन्य पुरावा म्हणून हे बळकट आहे, पण त्यापलीकडे जात नाही. त्यानंतर या चाव्याबद्दल ठोस असं काहीच मिळालेलं नाही.

स्वप्नाचा सिद्धान्त

पेटीवरचा पहिला मोठा सिद्धान्त मॅटपॅटने त्याच उन्हाळ्यात मांडला. चौथ्या भागात तुम्ही पहारेकरी नसता, स्वतःच्या खोलीत अडकलेलं मूल असता. कॅमेरे नाहीत. दाराशी जाऊन कान लावायचा, पलीकडे श्वास ऐकू आला तर दार ओढून धरायचं. या खोलीत पलंगाशेजारी अधूनमधून क्षणभर सलाईनचा स्टँड दिसतो, कधी औषधाची बाटली, कधी फुलदाणी. म्हणजे मूल खरं तर रुग्णालयात आहे, चाव्यानंतर शुद्ध हरपलेलं. घरात मोडकळीला आलेलं मँगलचं खेळणं आहे, खेळण्यातला टेलिफोन आहे. यावरून निघालेला निष्कर्ष असा, की पहिले तीन गेम, त्यांतले पहारेकरी, फोनवरचा माणूस आणि खून हे सगळं त्या मरणासन्न मुलाने आपल्या खेळण्यांतून रचलेलं दुःस्वप्न आहे.

चाहत्यांना हे मुळीच रुचलं नाही. तीन गेम रात्री जागून सोडवले आणि शेवटी ‘सगळं स्वप्न होतं’? पण याच सुमारास कॉथनने एक निवेदन लिहिलं आणि त्याने सिद्धान्ताला अनपेक्षित बळ मिळालं. आधीच्या तिन्ही भागांची गोष्ट तुम्ही शोधून काढलीत, चौथ्या भागातले तुकडे मात्र कोणालाच सापडले नाहीत, असं त्याचं म्हणणं होतं. पेटीत काय आहे, तर ते तुकडे जुळवल्यावर दिसणारं चित्र. पण लोक ते तसं स्वीकारतील का, हा मोठा प्रश्न आहे, असं म्हणून त्याने पेटी कायमची बंद ठेवण्याचा निर्णय जाहीर केला. त्या वर्षीच्या हॅलोविनला गेमची वाढीव आवृत्ती आली. नवी भुतं आली, पेटी तशीच राहिली.

‘स्वीकारतील का’ हे शब्द स्वप्नाच्या सिद्धान्ताला चपखल बसतात, कारण न स्वीकारण्यासारखं उत्तर म्हणजे तेच. विरोधकांचा मुद्दाही तितकाच सरळ आहे. सिद्धान्त गाजत असताना कॉथन म्हणतो, की तुकडे कोणालाच सापडलेले नाहीत. मग गाजत असलेलं उत्तर बरोबर कसं असेल? या निवेदनाचा दोन्ही बाजूंनी इतका कीस पाडला गेला आहे, की आता त्यातून नवं काही निघेल असं वाटत नाही. माझ्या मते स्वप्नाच्या सिद्धान्ताला जरा जास्तच हिणवलं गेलं. २०१५पर्यंतच्या चार गेमपुरतं पाहिलं तर सलाईन आणि फुलं या खुणांचा इतका सरळ अर्थ दुसऱ्या कोणी लावला नव्हता.

‘सिस्टर लोकेशन’नंतर

ऑक्टोबर २०१६मध्ये ‘सिस्टर लोकेशन’ आला आणि वादाचा पायाच बदलला. या गेममध्ये एका खासगी खोलीतल्या कीपॅडवर १९८३ हा आकडा टाकला की मॉनिटरवर चौथ्या भागातलं घर दिसतं. मुलाची खोली, बोळ, सगळं कॅमेऱ्याखाली. शेजारी वॉकीटॉकी आहे. चौथ्या भागात मुलाशी बोलणारा फ्रेडबेअरचा कापडी बाहुला आपल्याला आठवतो. ते बोलणं कोणीतरी या खोलीत बसून करत होतं, असा अर्थ लगेच लावला गेला. याच गेममध्ये खेळाडूचं नाव मायकेल असल्याचं आणि तो विल्यम आफ्टनचा मुलगा असल्याचंही कळलं. (सुरुवातीला मात्र बिघडलेला कीपॅड त्याचं नाव ‘एग्ज बेनेडिक्ट’ नोंदवतो. कॉथनचा विनोद असा कुठेही उगवतो.)

घर प्रत्यक्षात आहे आणि त्यावर पाळत आहे म्हटल्यावर सगळं स्वप्न मानणं अवघड झालं. आता दोन मतं समोरासमोर आली.

पहिलं प्रयोगाचं. आफ्टन मुलांवर भीतीचे प्रयोग करत होता आणि रात्रीची भुतं हा कुठल्यातरी वायूने किंवा यंत्राने घडवलेला भास होता. याला आधार ‘द ट्विस्टेड वन्स’ या २०१७च्या कादंबरीचा. तिच्यात ध्वनीच्या जोरावर माणसाला भलतंच दिसायला लावणाऱ्या चकत्या आहेत. पाळतीच्या कॅमेऱ्यांचा उलगडा या मतात उत्तम होतो. सलाईनच्या स्टँडचा होत नाही.

दुसरं मत असं, की चौथ्या भागात रात्री जागणारा तो रडणारा मुलगा नाहीच, तो मोठा भाऊ आहे. तोच मायकेल आणि तोच पुढे पहिल्या भागातला पहारेकरी माइक श्मिट. धाकट्याचा जीव आपल्यामुळे गेला, ही टोचणी त्याला वर्षानुवर्षं झोपू देत नाही. याचा सर्वांत देखणा पुरावा कानाने शोधलेला आहे. चौथ्या भागाच्या पार्श्वध्वनीत पहिल्या गेममधला फोनवरचा निरोप उलटा करून मिसळलेला सापडला. १९८३मधल्या लहान मुलाला तो निरोप ऐकू येणं शक्य नाही, ज्याने नंतर ती नोकरी केली त्यालाच तो आठवेल. डिसेंबर २०१७च्या ‘सर्व्हायव्हल लॉगबुक’ या वहीवजा पुस्तकात माइक लाल शाईने नोंदी करतो. स्वप्नांबद्दल विचारल्यावर तो चित्र काढतो ते दुःस्वप्नातल्या फ्रेडबेअरचं. तेव्हापासून पारडं या मताकडे झुकलेलं आहे. स्वप्नाचा सिद्धान्त इथे पूर्णपणे मेलेला नाही, हेही नोंदवायला हवं. स्वप्न राहिलं, स्वप्न पाहणारा बदलला.

नाव कोणाचं?

‘लॉगबुक’ने आणखी एक मोठी शाखा फोडली. त्यात माइकच्या लिखाणाखेरीज दोन मजकूर लपलेले आहेत. एक फिकट, जेमतेम दिसणारा, आणि दुसरा छापील शब्दांत फेरफार करून लिहिलेला. दोन आत्मे एकमेकांशी बोलत आहेत, पार्टी आठवते का, नाव आठवतं का असं विचारत आहेत, असं ते वाचलं जातं. पानांवरची कोडी सोडवून चाहत्यांनी ‘कॅसिडी’ हे नाव काढलं. ‘पिझ्झेरिया सिम्युलेटर’ या त्याच महिन्यातल्या गेमच्या एका शेवटात मुलांची थडगी दिसतात. गॅब्रिएल, फ्रिट्झ, सूझी आणि जेरेमी ही नावं वाचता येतात, एका दगडावरचं येत नाही. ते कॅसिडीचं, असं बहुतेक मानतात.

मग गोल्डन फ्रेडी या पुतळ्यात कोण आहे? कॅसिडी, रडणारा मुलगा, की दोघं एकत्र? आणि रडणाऱ्या मुलाचं नाव काय? ‘लॉगबुक’मधल्याच एका कोड्यातून ‘इव्हान’ निघतं असं एक गट सांगतो, दुसरा ती निव्वळ ओढाताण समजतो. या नावांच्या शोधात चाहत्यांनी घातलेली मेहनत थक्क करणारी आहे, पण पेटीच्या प्रश्नाला तिचा उपयोग मर्यादित आहे. मुलाचं नाव कळलं म्हणून ती भुतं कोणाला दिसत होती ते कळणार नाही.

पुस्तकं पुराव्यात धरायची का?

खरी दुफळी इथे आहे. बाकीचे बरेच मतभेद यातूनच फुटतात.

‘द सिल्व्हर आइज’ ही पहिली कादंबरी डिसेंबर २०१५मध्ये आली. कॉथनने ती किरा ब्रीड-रिझली या लेखिकेसोबत लिहिली होती. पुस्तकं आणि गेम यांचे प्रवाह वेगळे समजा, एकाचा तुकडा दुसऱ्यात बसवू नका, असं त्याने स्पष्ट सांगितलं. पण विल्यम आफ्टन हे नाव आधी कादंबरीत आलं आणि मग गेममध्ये उतरलं. पुढे ‘फॅझबेअर फ्राइट्स’ या कथामालेबद्दल त्यानेच सांगितलं, की यातल्या काही कथा गेमशी थेट जोडलेल्या आहेत, काही नाहीत. कोणत्या, ते सांगितलं नाही.

त्यामुळे तीन तट पडले. एक म्हणतो, गेममध्ये दिसेल तेवढाच पुरावा. दुसरा म्हणतो, कथा गेमच्याच जगात घडतात, त्या कालक्रमात बसवा. या बाजूला ‘स्टिचलाइन’ म्हणतात. तिसरा मधला. कथा प्रत्यक्षात घडलेल्या नाहीत, पण गेममधल्या प्रसंगांच्या समांतर आहेत, म्हणून त्यांतून गेमचा अर्थ लावावा. वरचा प्रयोगाचा सिद्धान्त बराचसा या तिसऱ्या भूमिकेवर उभा आहे. ती नाकारली तर वायू आणि चकत्या निघून जातात, उरतात फक्त कॅमेरे.

पहिल्या तटाची भूमिका शिस्तीची आणि आकर्षक आहे, पण ती टिकवणं कठीण होत चाललं आहे. ‘टेल्स फ्रॉम द पिझ्झाप्लेक्स’ या २०२२पासूनच्या कथांमध्ये ‘मिमिक’ नावाचं, दिसेल त्याची नक्कल करणारं यंत्र आलं. २०२३मध्ये ‘रुइन’ या गेमपुरवणीत तेच यंत्र समोर उभं राहिलं. पुस्तकं न वाचलेल्या खेळाडूला ते कोण हे कळायला मार्गच नव्हता. चित्रपट मात्र सर्वच जण वेगळे धरतात. एमा टॅमी दिग्दर्शित पहिल्या चित्रपटात माइक स्वप्नांत शिरून अपहरण झालेल्या धाकट्या भावाचा छडा लावू पाहतो. भाऊ, अपराधभाव आणि स्वप्न हे तिन्ही धागे त्यात आहेत, पण त्यातलं गॅरेट हे भावाचं नाव गेममध्ये ओढून आणायला फारसं कोणी धजत नाही.

आज काय उरलं आहे

पेटीचा प्रश्न आता दोन प्रश्नांत विभागून पाहावा लागतो, आणि पुष्कळ भांडणं ते न केल्यामुळे होतात. जुलै २०१५मध्ये कॉथनच्या मनात काय होतं, हा एक. आजच्या घडीला, इतक्या गेमनंतर, गोष्टीतलं सत्य काय आहे, हा दुसरा. दुसऱ्याला ‘मायकेलची दुःस्वप्नं’ हे उत्तर बऱ्यापैकी पुरतं. पहिल्याला पुरत नाही, कारण मायकेल हे नाव गेममध्ये आलं ते वर्षभराने. लेखकाने मधल्या काळात बेत बदलला, असं मानणारे बरेच आहेत. तसं असेल तर २०१५च्या पेटीतलं उत्तर नंतरच्या गेममध्ये शोधणं व्यर्थ आहे. बेत बदललाच नाही, तो आधीपासून असाच होता, असं मानणाऱ्यांना ‘सिस्टर लोकेशन’मधली ती पाळतीची खोली हीच उघडलेली पेटी वाटते. दोघांपैकी कोणालाही खोडून काढता येईल असा पुरावा समोर नाही.

मालिका दरम्यान पुढे, किंवा खरं तर मागे, निघून गेली आहे. जून २०२५मध्ये आलेला ‘सीक्रेट ऑफ द मिमिक’ १९७९मध्ये घडतो आणि एडविन मरे या यंत्रकाराची गोष्ट सांगतो. चाहत्यांचा जोर आता तिकडे आहे. चाव्यानंतर अंधारात त्या मुलाला, मी तुला पुन्हा जोडून देईन, असं वचन देणारा कोण, यावरचे जुने तर्क आता यंत्रं घडवणाऱ्या या माणसांच्या अंगाने नव्याने तपासले जात आहेत. आफ्टन हे नेहमीचं उत्तर, पण ते कधीच निर्विवाद नव्हतं.

कॉथनने स्वतःहून दिलेली एक सूचना मात्र कोणत्याच सिद्धान्तात नीट बसत नाही. चौथा भाग आल्यावर त्याने चाहत्यांना विचारलं होतं, की मिनीगेममधल्या त्या छोट्याशा टॉय चिकाला चोच का नसावी? टॉय चिका हा दुसऱ्या भागातला, म्हणजे १९८७चा पुतळा. रात्री मंचावरून उतरला की त्याची चोच गायब असते, आणि हे दृश्य पाहायला मिळतं फक्त रात्रपाळीच्या पहारेकऱ्याला. मग १९८३च्या अंगणात पडलेल्या खेळण्याला चोच नाही हे कसं? स्वप्नवादी म्हणतात, खेळणं आधी, पुतळा नंतर, तोही मुलाच्या कल्पनेत. पण मग कॅमेऱ्यांचं काय? मायकेलवादी म्हणतात, ही आठवणींची सरमिसळ आहे. पण मिनीगेम ही आठवण असेल, तर टीव्हीवरच्या १९८३ या आकड्यावर तरी विश्वास का ठेवायचा? आणि तो आकडा सोडला, तर चावे दोन हेही पुन्हा सिद्ध करावं लागेल.